सावित्रीवरचा जुना पूल, ब्रिटिशांचं 'ते पत्र' आणि दगडी पुलाची मुदत

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. मुंबई-गोवा हायवेवर महाडजवळ सावित्री नदीवरचा १९२८ सालचा दगडी पूल २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री वाहून गेला, त्याला लागूनच असलेला नवा पूल मात्र उभा राहिला. मग व्हॉट्सअपवर फिरतं ते खरं का, की ब्रिटिशांनी आधीच पत्र पाठवून 'पुलाची मुदत संपली' असं कळवलं होतं? आणि तुम्ही रोज ज्या रस्त्याने जाता तिथेही असाच एक कमानींचा पूल आहे, तर त्याची मुदत कुठे लिहिलेली असते?

बांधकाम खात्यात तीसेक वर्षं काढली मी, त्यातली निम्मी तरी पुलांवर गेली. आता रिटायर आहे, वेळ आहे, त्यामुळे उत्तर लांबणार, आधीच सांगतो.

पहिलं पत्राचं उरकतो. हायवेवरचे हे जुने पूल लंडनच्या कुठल्या कंपनीने गॅरंटी कार्ड देऊन बांधलेले नाहीत हो. डलहौसीच्या काळात, १८५४ साली हिंदुस्थानात सार्वजनिक बांधकाम खातं निघालं, आणि रस्त्यांवरचे बहुतेक पूल ह्या सरकारी खात्यानेच बांधले, म्हणजे साहेब वरती, खाली आपलेच ओव्हरसियर, आपलेच पाथरवट, आपलाच चुना. १९४७ ला साहेब गेला पण कचेरी इथेच राहिली, नकाशे इथेच, रजिस्टरं इथेच. मग पत्र पाठवणार कोण आणि कुठल्या फायलीत बघून? माझ्या अख्ख्या नोकरीत असलं एकही पत्र मी पाहिलं नाही, आणि प्रत्येक पूल पडला की तेच पत्र नव्या नदीचं नाव लावून परत फिरतं, हे मात्र बघत आलोय.

दुसरं म्हणजे दगडी कमानीला मुदत हा प्रकारच नीट लागू होत नाही. लोखंड गंजतं, काँक्रीटमधली सळई गंजते, त्यामुळे आरसीसी पुलाला एक आयुष्य धरून डिझाईन करतात. कमानीत गंजायला काही नसतं. कमानीतला प्रत्येक दगड शेजारच्या दगडावर रेललेला असतो, वरून जेवढं ओझं येईल तेवढे ते एकमेकांत आणखी घट्ट बसतात, म्हणजे सगळा खेळ दाबाचा, आणि आपला काळा बेसॉल्ट दाबाला काही केल्या ऐकत नाही. दगड चुरडला म्हणून पडला असा कमानीचा पूल मी तरी पाहिलेला नाही. हे पूल जातात ते पायातून जातात, नाहीतर पाणी आत मुरून जातात. म्हणून 'किती वर्षांचा झाला' ह्या प्रश्नाने फारसं काही कळत नाही. कुठल्या नदीवर आहे, पाया कशावर टेकलाय, आणि मधल्या वर्षांत त्याच्याकडे कोणी बघितलंय का, ह्या तीन गोष्टी कळल्या तर काहीतरी बोलता येतं.

नदी म्हणजे काय फरक पडतो ते आपल्याच दोन पुलांवरून सांगतो. सांगलीचा आयर्विन पूल माहीत असेल, कृष्णेवरचा. तो १९२९ चा. सावित्रीचा १९२८ चा. म्हणजे एकाच पिढीतले, आणि गंमत म्हणजे दोन्ही नद्या महाबळेश्वरच्या एकाच डोंगरावर उगम पावतात, क्षेत्र महाबळेश्वरला जाऊन आलेल्यांनी पंचगंगेच्या देवळात दोन्ही धारा शेजारी शेजारी बघितल्या असतील. तिथून कृष्णा पूर्वेला उतरते आणि वाईच्या पुढे सपाटीला लागते. सांगलीपर्यंत येताना तिला वेळ मिळतो, वाटेत धरणं आहेत, पूर येतो तो चढत चढत येतो, दिवसच्या दिवस फुटाफुटाने. आयर्विन पुलापाशी ४० फुटांना इशारा पातळी, ४५ ला धोका पातळी, पावसाळ्यात सांगलीकर सकाळी उठून आधी तो आकडा विचारतात. २०१९ ला पाणी ५७ फुटांच्याही वर गेलं होतं, अर्धं शहर पाण्यात होतं. पूल उभा राहिला.

सावित्रीचं तसं नाही. ती पश्चिमेला कड्यावरूनच खाली उडी घेते. महाबळेश्वर साधारण साडेतेराशे मीटर उंचीवर, आणि पोलादपूर ओलांडून महाडला येईपर्यंत ती जवळजवळ समुद्रसपाटीला आलेली असते. वर महाबळेश्वरला रात्री पाऊस कोसळला की खाली काही तासांत लोंढा हजर. त्यात महाडपर्यंत बाणकोटच्या खाडीची भरती पोचते, त्यामुळे पाण्याला पुढे निघायला कधी वाट असते कधी नसते. आता पाण्याच्या वेगाचं एक गणित असतं ते लक्षात ठेवा, वेग दुप्पट झाला की खांबावरचा मार चौपट होतो, पण तळातला दगड ढकलत न्यायची ताकद वेगाच्या सहाव्या घाताने वाढते. म्हणजे वेग दुप्पट, तर आधी जेवढ्या वजनाचा गोटा हलत होता त्याच्या चौसष्ट पट वजनाचा गोटा हलायला लागतो. सांगलीला पाणी उंच होतं. कोकणातल्या नद्यांना पाणी पळतं. पुलाच्या दृष्टीने ह्या दोन वेगळ्याच गोष्टी आहेत.

आता त्या रात्रीचं. मंगळवार होता, रात्री साडेअकराच्या सुमाराची वेळ, धो धो पाऊस, हायवेवर दिवे नाहीत. जुन्या पुलाचा काही भाग गेला आणि जयगड-मुंबई व राजापूर-बोरिवली ह्या दोन एसटी, शिवाय एक तवेरा, सरळ नदीत गेल्या. ड्रायव्हरला पुढे रस्ता नाही हे दिसायलाच मार्ग नव्हता. जवळच्या लोकांच्या लक्षात आलं म्हणून त्यांनी पुढच्या गाड्या थांबवल्या, नाहीतर आकडा कुठे गेला असता कोण जाणे. एनडीआरएफ, नौदल, कोस्ट गार्ड सगळे आले, लोहचुंबक लावून गाड्या शोधल्या, बस सापडायला काही दिवस लागले. सरकारने विधिमंडळात सांगितलं की मे महिन्यातच पुलाची पाहणी झाली होती आणि त्यात धोका आढळला नव्हता. लोक ह्यावर चिडले. चिडणारच. पण मला त्यात खोटं काही वाटलं नाही, उलट तेच खरं दुखणं आहे असं वाटलं, कारण मे महिन्यातल्या पाहणीत जे दिसत नाही तेच ऑगस्टमध्ये पूल पाडतं. ह्यावर जरा थांबतो, कारण तुमच्या पुलासाठीही हेच महत्त्वाचं.

पूर आला की खांबाच्या नाकाशी, म्हणजे वरच्या अंगाला, जिकडून नदी येते त्या बाजूला, पाणी आपटतं आणि खाली बुडी मारतं. तळाशी जाऊन ते खांबाला वळसा घालून भोवऱ्यासारखं फिरतं आणि रेती-गोटे उकरून काढतं. ह्याला आम्ही स्कावर म्हणतो, साधं मराठीत खांबाखालचं खणणं. भर पुरात तिथे माणूस उभा राहील एवढा खड्डा पडलेला असू शकतो. पण पूर ओसरला की वेग मंदावतो, आणि नदी वरून आणलेली रेती त्याच खड्ड्यात सोडते. खड्डा भरतो. मे महिन्यात तुम्ही जाता तेव्हा वाळूचा छान सपाट तळ, खांब ताठ, कमानी जागच्या जागी. शेरा काय लिहिणार, 'पूल सुस्थितीत'. फक्त ती वाळू भुसभुशीत असते, पुढच्या पुरात पहिल्या तासाला निघून जाते.

माझ्या हाताखालच्या एका पुलावर हे मी हाताने अनुभवलंय. नाव नाही घेत. पाच गाळ्यांचा पूल (गाळा म्हणजे दोन खांबांमधली मोकळी जागा), ऑक्टोबर संपत आलेला, गुडघाभर पाणी. आमचा मैलकुली होता, म्हणजे रस्त्याची देखभाल करणारा कामगार, वयस्कर, शाळा न शिकलेला पण नदी शिकलेला. त्याने बांबूच्या टोकाला सळई बांधली आणि प्रत्येक खांबाच्या नाकाशी टोचत निघाला. पहिला खांब, टण्ण. दुसरा, टण्ण. तिसऱ्याला सळई आवाजच न करता आत गेली, बांबूसकट, त्याचा हात पाण्याला टेकेपर्यंत. तो माझ्याकडे वळून म्हणाला, 'साहेब, हा तरंगतोय.' खाली हात घालून बघितलं तर पायाच्या काँक्रीटच्या कडेखाली पंजा आडवा जात होता. खांब तरंगत वगैरे नव्हता अर्थात, मागच्या बाजूने खडकावर बसलेला होता, पण नाकाखालचा आधार गेला होता हे नक्की. वरून, रस्त्यावरून, ह्यातलं काही म्हणजे काहीच दिसत नव्हतं, वरती ट्रक चालू होते. एस्टिमेट केलं, वर पाठवलं, 'सद्यस्थितीत आवश्यकता दिसत नाही' असा शेरा मारून परत आलं. मग फोटो लावले, सळईची मापं खांबवार लिहिली, परत पाठवलं, दुसऱ्या वर्षी मंजूर झालं. मधला एक पावसाळा मला रात्री झोप नव्हती, पाऊस वाढला की मैलकुलीला पुलावर कंदील घेऊन बसवायचो.

बरं, एक खांब गेला तर एकच गाळा का जात नाही, हाही प्रश्न लोक विचारतात. स्लॅबच्या पुलात जवळपास तेवढंच होतं, खांबाच्या दोन बाजूंचे गाळे जातात. कमानीचं तसं नाही. प्रत्येक कमान आपल्या खांबाला बाहेरच्या बाजूला ढकलत असते. दोन्ही बाजूंनी कमानी असल्या की ढकलणं आपसात मिटतं, म्हणून मधला खांब बारीक असला तरी चालतो. एक कमान गेली की त्या खांबाला दुसऱ्या बाजूने ढकलणारं कोणी उरत नाही, तो खांब झुकतो, पुढची कमान सुटते, पुढचा खांब झुकतो. पत्त्यांसारखं. म्हणून जुने इंजिनिअर हुशारीने दर काही गाळ्यांनंतर एक खांब मुद्दाम जाडजूड बांधायचे, म्हणजे पडझड तिथे येऊन थांबावी. तुमच्या पुलाला असा एखादा खांब आहे का बघा, असेल तर बांधणारा शहाणा होता.

कमानीची आणखी एक खोड आहे. पाणी जसं वर चढतं तशी कमानीची मोकळी जागा अरुंद होत जाते, बरोबर उलटं, जेव्हा पाण्याला जास्त जागा हवी तेव्हा पूल कमी जागा देतो. मग वरच्या अंगाला पाणी फुगतं आणि कमानीखालून बंदुकीच्या गोळीसारखं सुटतं. त्यात वाहून आलेले ओंडके अडकले तर विचारू नका. शेजारच्या नव्या पुलाला हा त्रास नसतो, गाळे रुंद, खालची बाजू सपाट, पाया बहुतेक वेळा जास्त खोल, कारण आज पाया ठरवताना पुराचं पाणी, तळातल्या वाळूचा बारीक-जाडपणा हे सगळं धरून जास्तीत जास्त खणणं किती होईल ते आधी काढतात आणि पाया त्याच्याही खाली नेतात, किंवा सरळ खडकात बसवतात. रस्ते-पुलांचे नियम ठरवणाऱ्या इंडियन रोड्स काँग्रेस ह्या संस्थेची स्थापनाच १९३४ ची, म्हणजे सावित्रीचा जुना पूल बांधला तेव्हा देशभर एक नियम असा प्रकारच नव्हता, त्या त्या इंजिनिअरचा अनुभव आणि जवळपासच्या म्हाताऱ्यांनी दाखवलेली पुराची खूण, ह्यावर काम चालायचं. त्या मानाने ते पूल किती टिकले हेच आश्चर्य. ८८ वर्षं. बांधला तेव्हा त्याच्यावरून मुख्यतः बैलगाड्या जायच्या, राज्यातली पहिली एसटी सुद्धा १ जून १९४८ ला धावली, म्हणजे पूल बांधल्यावर वीस वर्षांनी.

इतिहासाचं पुढचं पान तुम्हाला माहीत असेलच. पडलेल्या पुलाच्या जागी नवा पूल १६५ दिवसांत बांधून ५ जून २०१७ ला सुरू केला, म्हणजे पुढचा पावसाळा लागायच्या तोंडावर. पुलाची लांबी २३९ मीटर. वेग कौतुकाचा आहे ह्यात शंका नाही, पण मला त्याहून महत्त्वाची वाटते ती ऑक्टोबर २०१६ मध्ये सुरू झालेली देशभरातल्या पुलांची नोंदणी, इंडियन ब्रिज मॅनेजमेंट सिस्टीम. प्रत्येक पुलाला नंबर, जागा, प्रकार, अवस्था. त्याआधी एखाद्या पुलाचा इतिहास शोधायचा म्हणजे उपविभागाच्या माळ्यावर चढून वाळवी लागलेलं रजिस्टर उघडायचं, आणि त्यात पायाच्या रकान्यात बहुतेक वेळा एकच शब्द, 'खडक'. कोणी बघितला होता तो खडक, कुठल्या खांबाखाली, किती खोल, काही नाही. नोंदणीतसुद्धा पायाचा रकाना कोणीतरी नदीत उतरूनच भरावा लागतो, ते काम कॉम्प्युटर करत नाही.

अजून एक गोष्ट, जरा बाजूची आहे पण सांगतो, कारण 'पूल धोकादायक' म्हटलं की सगळे पूल पडण्याचाच विचार करतात. ह्याच हायवेवर खेडजवळ जगबुडी नदीचा जुना पूल. १९ मार्च २०१३ ला पहाटे गोव्याहून मुंबईला जाणारी खाजगी बस कठडा तोडून खाली गेली, ३७ माणसं गेली. मार्च महिना, पूर नाही काही नाही, पूल जागेवर, पडली ती गाडी. कोल्हापूरला पंचगंगेवरच्या शिवाजी पुलावर २६ जानेवारी २०१८ च्या रात्री तेच, मिनीबस कठडा तोडून नदीत, १३ जणांचा जीव गेला, आणि शेजारचा पर्यायी पूल तेव्हा पुरातत्त्व कायद्याच्या अडचणीत अर्धवट लटकलेला. जुने पूल असे घात का करतात? एक तर साहेब नदीची सगळ्यात अरुंद जागा शोधायचा आणि पूल तिला काटकोनात टाकायचा, पैसे वाचायचे, रस्ता मग दोन्हीकडून वळून यायचा, बैलगाडीला वळणाचं काय. आज त्याच वळणावर ऐंशीने गाडी येते. आणि दुसरं कारण आमच्या खात्याचं पाप, डांबर. दर काही वर्षांनी जुना थर न खरवडता वर नवा थर. पन्नास वर्षांत फूटभर सहज चढतं, आणि कठडा जो मुळात कमरेएवढा होता तो मांडीएवढा होतो. फूटभर डांबर म्हणजे चौरस मीटरला सातशे किलोच्या आसपास, शंभर मीटर लांब आणि सहा मीटर रुंद पुलावर चारशे टन फुकटचं ओझं. कमान ते सोसते, खोटं कशाला बोलू, कमानीला वरून ओझं आवडतंच. पण पायाला ते आवडेलच असं नाही, आणि कठडा गेला तो गेलाच, शिवाय पावसाचं पाणी बाहेर काढायची भोकं त्या थरांखाली बुजतात ते वेगळंच.

भोकं बुजली की काय होतं ते तुमच्या पुलावर तुम्हाला स्वतःला बघता येईल. कमानीच्या वर आणि रस्त्याच्या खाली पोटात मातीमुरुमाचा भराव असतो. पाणी त्यात मुरतं, बाहेर पडायला वाट नाही, मग ते दगडांच्या सांध्यातला चुना विरघळवत कमानीच्या खालून ठिबकतं. कमानीखाली उभं राहून वर बघितलं की पांढरे ओघळ दिसतात, मेणबत्तीसारखे, कधी कधी खाली लोंबणारे बारीक सुळे पण. तो चुनाच बाहेर आलेला असतो. थोडे ओघळ सगळ्याच जुन्या पुलांना असतात, घाबरू नका. पण सांध्यात बोट जात असेल, किंवा एखादा दगड शेजाऱ्यापेक्षा खाली उतरलेला दिसत असेल, किंवा कमानीच्या लांबीत सरळ चीर गेलेली असेल, तर तो विषय इंजिनिअरने बघायचा. पिंपळाचं रोप दिसलं तर नुसतं छाटू देऊ नका, मूळ आतमध्ये वाढतच राहतं, वरून छाटणं म्हणजे त्याला फांदी फुटायला मदत.

आता तुमचा पूल पडेल का, हे मी इथे बसून सांगू शकत नाही आणि जो सांगेल त्याच्यावर विश्वास ठेवू नका. पाया खडकावर असेल आणि नदी संथ असेल तर तो तुमच्या नातवंडांनाही पुरेल. पाया वाळू-गोट्यांत असेल, वरच्या किंवा खालच्या अंगाला वाळूउपसा चालू असेल आणि त्यामुळे नदीचा तळच खाली गेला असेल, तर परवा रंगवलेला सुंदर पूलसुद्धा संशयाचा. उपसा कितीतरी ठिकाणी पुलापासून हाकेच्या अंतरावर चालतो, खांबांवर जुन्या तळाची पाण्याची रेघ आणि आजचा तळ ह्यांच्यात हातभर फरक दिसला तर समजायचं.

म्हणून दोनच कामं करा. पहिलं, बांधकाम खात्याच्या तुमच्या उपविभागाकडे साधा अर्ज द्या, माहिती अधिकारात दिलात तरी चालेल, आणि नेमकं विचारा: पावसाळ्यानंतरची शेवटची पाहणी कुठल्या तारखेला झाली, आणि प्रत्येक खांबापाशी तळाची पातळी किती मोजली. 'पूल सुरक्षित आहे का' असं विचाराल तर 'होय' असं एका शब्दात उत्तर येईल, पातळ्या विचारल्यात तर कोणालातरी नदीत उतरावं लागेल. दुसरं, दिवाळीच्या आसपास पाणी उतरलं की खाली जाऊन प्रत्येक खांबाचा, कमानीच्या पोटाचा आणि कठड्याचा फोटो काढा, जागा ठरवून, मागे तारीख लिहून ठेवा, आणि पुढच्या वर्षी त्याच दिवसात त्याच जागेवरून परत काढा. पुरात मात्र तिकडे फिरकू नका, आणि पाणी कमानीच्या खांद्याला लागलेलं दिसलं तर दहा किलोमीटरचा वळसा पडला तरी दुसऱ्या रस्त्याने जा, मी अजूनही तेच करतो.